शेवटची आर्चडीकन

धर्मगुरू मुरियलच्या हातात चहाचा कप देत बिशप म्हणाले, "आर्चडीकन म्हणून आम्ही तुमचं नाव ठरवलंय."

आयर्लंडमधल्या त्या धर्मप्रांतात बिशपच्या खालोखाल मान या पदाचा, आणि शतकानुशतकं तो पुरुषांनाच मिळालेला. मुरियलला तर दोनदा डावलून तिच्याच हाताखाली शिकलेल्यांना तिथे बसवलं होतं. तिचे डोळे भरून आले.

"आपला धर्मप्रांत शेजारच्यात विलीन होतोय," बिशप पुढे म्हणाले. "तुमच्यानंतर हे पद राहणार नाही. ओस पडलेली चर्च तेवढी बंद करून द्या. बाकी कोणी हे काम घ्यायला तयार नाही."

तिने चहाचा कप तसाच खाली ठेवला. तरी ती हो म्हणाली; नाही म्हटलं असतं तर 'बाईला झेपलं नाही' असंच लोक म्हणाले असते.

पहिलं कुलूप तिला स्वतःच्याच गावच्या चर्चला लावावं लागलं. पायरीवर म्हातारा एडमंड उभा होता. त्याच्या आजारी बायकोला शेवटच्या दिवसांत मुरियलनेच भरवलं होतं.

"पुरुष होते तोवर नीट चाललं होतं," तो तिच्याकडे न बघता म्हणाला. "बाई आली आणि देवाच्या घराला टाळं लागलं."