पहिला अंक

एकुलता एक मुलगा तापानं गेला, त्यावर कवीनं आधी कविता लिहिली. तिला कुत्रंही विचारीना. मग त्याच दुःखाचं त्यानं दोन अंकी नाटक केलं आणि दारावर हाउसफुल्लच्या पाट्या लागल्या. दुसऱ्या अंकात मुलगा डोळे मिटायचा, तेव्हा अख्खं नाट्यगृह मुसमुसायचं. बायको मात्र प्रत्येक प्रयोगाला यायची, पहिल्या रांगेत बसायची आणि मध्यंतर झालं की पर्स उचलून तडक घरी जायची. विंगेतून ती रिकामी खुर्ची दिसली, की कवीच्या तळपायाची आग मस्तकात जायची.

आज तो सिनेमाचा करार खिशात घालूनच घरात शिरला.

"आता तरी अर्ध्यातून उठू नकोस, बाई! दिग्दर्शकानं एकच बदल सांगितलाय. पोराचं मरण पहिल्याच सीनला घ्यायचं. लोक कसे खुर्चीला खिळले पाहिजेत!"

तिनं चिरायला घेतलेली भाजी बाजूला सारली.

"मग सिनेमाला मी येऊन काय करू?" ती म्हणाली. "नाटकात निदान पहिला अंक संपेपर्यंत तरी तो घरभर हुंदडायचा हो."