जांभळा कोट

काठीवर गरगरणारं पांढरं ताट. बारमध्ये आणून मांडलेल्या चर्चच्या खुर्च्या. आईने शेजारणीकडून मागून आणलेली टोपी. मिलानहून येणारी सकाळची बस.

बसमधून ओत्तोरिनो उतरला तो मान खाली घालून. शनिवारी टीव्हीवर तो काठ्यांवर ताटं फिरवणार म्हणून सगळं गाव बारमध्ये जमलं होतं, आणि वेळ संपली म्हणून त्याचा खेळ ऐनवेळी गाळला गेला होता. आईला सांगायचं कसं?

तो बारमध्ये शिरताच टाळ्या पडल्या.

"वा रे पठ्ठ्या!" बहिणीचा नवरा डेल्फो ओरडला. "पण तो पाद्र्यांसारखा जांभळा कोट कसला? पाद्री व्हायचा विचार आहे की काय?"

थट्टाच ही, ओत्तोरिनोला वाटलं. नाटकवाले जांभळ्या रंगाला मरणासारखे भितात. त्याचा कोट करडा होता. शिवाय बारमधला टीव्ही काळा-पांढरा.

"भाऊजी, पुरे आता. मी दिसलोच नाही."

कोणी हसलं नाही.

आईने त्याचा हात घट्ट धरला. "सगळ्यांनी पाहिलं रे. ताटं छान फिरत होती. मग तू मध्येच आडवा का झालास? हे सगळे म्हणतात, खेळातलंच होतं. पण तू उठलाच नाहीस."

स्टुडिओने त्याला जांभळा कोट शिवून दिला तो पुढल्या वर्षी.