साहेबाची सावली

धर्माबादेच्या पल्याड, शिवेवरचं हे गाव गोऱ्या साहेबानं वसवलं. कुणी म्हणे त्यानं विहीर दिली, कुणी म्हणे वेठबिगारीत माणसं मारली. त्याच्या पुतळ्यापुढून जाताना मात्र सगळेच चपला हातात घेत.

आज सरपंच राजकन्यानं ग्रामसभेत पुतळा हटवायचा ठराव जिंकला. हलगीच्या तालावर पुतळा उतरला, ट्रॅक्टरात पडून गेलासुद्धा.

म्हातारा दगडोबा पुटपुटला, "पोरी, सावली हाय की अजून."

रिकाम्या चबुतऱ्यापुढं, भर उन्हात, टोपीसकट सावली पसरली होती.

"असू द्या, काका."

राजकन्याची पणजी याच साहेबाच्या वेठीत मेली होती. राजकन्या चपला घालूनच पुढं गेली आणि सावलीच्या छातीवर ताठ उभी राहिली.

हलगी थांबली.

सावली तिच्या पायांखालून मागं सरली, वाकली आणि हळूहळू आपले बूट काढू लागली.