ताबा

मुलीचा ताबा आईकडे देण्याचा निकाल लागला, तेव्हा हेमांगीला आनंदाहून सूडाचंच समाधान अधिक झालं. लेक दीड वर्षाची असताना नवरा प्रसन्न भांडून तिला उचलून घेऊन गेला होता. मग कधी वकील आजारी, कधी आपण परगावी, असं करत त्याने सहा वर्षं नुसत्या तारखा घेतल्या होत्या.

न्यायालयाच्या पायऱ्यांवर तो हात जोडून आडवा आला. "रविवारी तरी भेटू देशील ना?"

"अर्ज कर. आणि मग वाट बघ, मी बघितली तशी." त्याचा उतरलेला चेहरा तिने डोळे भरून पाहिला. याच क्षणाची स्वप्नं पाहत तिने ती वर्षं काढली होती.

मुलीला जवळजवळ ओढतच तिने रिक्षात बसवलं. रडून रडून दमलेली पोर पार कडेला सरकली. हेमांगीने तिच्या केसांवरून हात फिरवला. "बाळा, आता तुला माझ्यापासून कुणी तोडणार नाही."

मुलीने फ्रॉकच्या बाहीने डोळे पुसले आणि शाळेतल्या बाईंशी बोलावं तशा अदबीने विचारलं, "तुमचा बाबांवरचा राग गेला, की मला घरी सोडाल ना?"