कोरी कपाळं

लोकरीच्या ढिगातून मधुसूदनने लाल लड अचूक उचलली आणि रेल्वेच्या डॉक्टरांनी त्याचे डोळे पास केले. त्या खुशीत घरी आल्यावर त्याने बायकोला सहज विचारलं, “बकुळ, आज कुंकू लावलं नाहीस?”

“अहो, सवाष्णीला भलतंच काय विचारता!” तिने कपाळाला बोट लावून पुढे धरलं. “हे बघा.”

त्याला कपाळही कोरं दिसलं आणि बोटही.

दुपारी गार्डाचा कोट चढवून तो झाशी स्टेशनात आला. मागोमाग त्याचा विसरलेला डबा घेऊन बकुळ आली. कानपूरची गाडी सुटायला आली होती. नवऱ्यांना निरोप द्यायला बायका खिडक्यांशी उभ्या होत्या, आणि एकीच्याही कपाळावर कुंकू नव्हतं. नवऱ्याशेजारी बसून चणे विकणारीची टिकली तेवढी लालभडक होती.

“गार्ड बाबू, हरी झंडी दिखाइए!” ड्रायव्हर ओरडला.

मधुसूदनने लाल उघडली.

गाडी जागची हलली नाही. खिडक्यांशी एकेका कपाळावर लाली परत उमटत गेली. सुटकेचा श्वास टाकून तो वळला.

बकुळ हसत डबा पुढे करत होती. तिचं कपाळ अजून पांढरंच होतं.