परीक्षेची फेरी

वडवली नाक्यावर उभ्या बसच्या मागच्या सीटवर कुमुद भोईर ओठ घट्ट मिटून बसली होती. आज परीक्षा बसची होती आणि तिला काहीही सांगायची कुमुदला बंदी होती. वर्षभर ड्रायव्हर कुमुदच्या हाताखाली राहून ही बस आपली आपण चालायला शिकली होती. आज नापास झाली, तर तिची सगळी स्मृती पुसून तिला पुन्हा कोरी करणार होते.

"चालवणं सकाळीच तपासून झालं, आता वेळेवर सुटणं बघायचं. निघायची वेळ झाली," परीक्षक सामंत म्हणाले.

बस हलली नाही. समोरच्या वळणावर विजेच्या तारेखालून, या नाक्यापर्यंतच धावणारी ट्रॉलीबस रखडत येत होती.

"अगं, चल की! वेळापत्रक ठाऊक आहे ना?" सामंतांनी बसला दटावलं.

"ठाऊक आहे, साहेब," बस म्हणाली. "पण ट्रॉलीतल्या माणसांना इथून पुढं माझ्याशिवाय कोण आहे?"

ट्रॉली थांबली. माणसं धावत येऊन बसमध्ये चढली. शेवटी मासळीची पाटी घेतलेली एक म्हातारी आली, तशी बसनं पायरी खाली केली.

"सावकाश, मावशे. तुला टाकून जातेय होय मी?"

सामंतांनी वळून पाहिलं. आवाज बसचा होता, बोलणं थेट कुमुदचं.

"हे तुम्ही शिकवलंत?"

"नाही हो. मी आपली रोज थांबायचे. ती बघत असणार."

सामंत हसले. "वेळ पाळण्यात काठावर पास. बाकी पैकीच्या पैकी."

बस सुटली. म्हातारी कुमुदशेजारी टेकली.

"ड्रायव्हर नवी दिसते. कुणाची गं पोर?"

"माझी," कुमुद ताठ बसत म्हणाली.