धुळीच्या वरचं नवं वर्ष

फोबोस चंद्र सूर्यावरून गेलेला दोन साक्षीदारांनी पाहिल्याशिवाय मंगळावर नवं वर्ष लागत नसे, आणि वर्ष सरल्याशिवाय खाणकामगारांचा करार संपत नसे. धुळीच्या वादळात ते ग्रहण कुणालाच दिसेना. कुमुद गावितचा नवरा खाली खाणीत खोकत होता. त्याला पृथ्वीवर न्यायचंच, म्हणून ती पंचांग कचेरीच्या दातारांना घेऊन धुळीच्या वर, ज्वालामुखीच्या माथ्यावर चढली होती.

“दातारसाहेब, वर बघा.”

“खाणवाल्यांशी वैर कोण घेणार, बाई?” दातारांनी मान खाली घातली. “तुम्हीच बघा.”

“एकटीचं कोण धरतं? तुम्ही बघितल्याशिवाय मी उतरायची नाही.”

सूर्याला काळी कड लागली. कुमुदने हातमोज्यांतली बोटं जाळीसारखी गुंतवून उन्हात धरली. फटींतून प्रकाशाचे इवलेसे गोल दातारांच्या पायांपुढे खडकावर पडले. प्रत्येक गोलाचा लचका तुटलेला होता.

“आता डोळे मिटून घेणार का?” कुमुदने विचारलं.

दातार बघत राहिले. मग त्यांनी रेडिओ सुरू केला.

“कचेरी, लिहून घ्या. नवं वर्ष लागलं. दुसरा साक्षीदार मी.”